दसऱ्याच्या दिवशीची नेमणूक

"मॅडम, आजपासून मस्टरवर सही करू नका," मुख्याध्यापक म्हणाले आणि माझ्या सुनेच्या पुढ्यातलं मस्टर त्यांनी दोन्ही हातांनी ओढून घेतलं. तिच्या हातात पेन होतं, टोपण काढलेलं. तिनं ते हळूच परत लावलं.

शाळेत दुपारची खिचडी मी शिजवते. ऑफिस आणि माझी स्वयंपाकाची खोली समोरासमोर आहे, मधे फक्त झेंड्याचा कट्टा. त्यामुळे बघायचं नसलं तरी सगळं दिसतं आणि ऐकायचं नसलं तरी ऐकू येतं.

"का पण सर?"

"मान्यता नाकारली. काल पत्र आलं पुण्याहून. आता तुमची सही चालू ठेवली तर उद्या जाब मला विचारतील."

"मग मी काय करू?"

"सध्या घरी जा," ते म्हणाले. मग त्यांचं लक्ष दहावीच्या वर्गाकडे गेलं. पोरं बाकं वाजवत होती. "म्हणजे, दहावीचा तास घेऊन मग जा. बीजगणित राहिलंय ना त्यांचं."

ती माझ्या खोलीत आली आणि तांदळाच्या पोत्यावर बसली. मी ढवळत होते.

"आत्या, मला काढलं."

"ऐकलं मी. बहिरी न्हाई अजून."

"आता?"

"आता तास हाय ना तुजा? जा."

"कशाला जाऊ? मी इथं कोणीच नाही आता."

"काडलेल्या मानसाला बी काम सांगत्यात, म्हंजे लई मान हाय तुला. जा, पोरं बाकं मोडत्याल."

ती हसली की रडली ते मी पाहिलं नाही, कारण खिचडी बुडाला लागत होती. पण ती उठली आणि गेली. जरा वेळानं वर्गातून तिचा आवाज आला, रोजच्यासारखा.

ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगते. आमच्यासारख्या अनुदानित शाळेत शिक्षक नेमायचा संस्थेनं आणि पगार द्यायचा सरकारनं. म्हणून सरकार म्हणतं, नेमणुकीला आमची मान्यता आल्याशिवाय पगार नाही. त्यात काही वावगं नाही. ज्याच्या खिशातून जातं तो विचारणारच. पण मान्यता येईपर्यंत शिकवू नका, असं मात्र कोणी म्हणत नाही. हवा खाऊन शिकवायला सगळ्यांची परवानगी असते. तिथं कागद लागत नाही, शिक्का लागत नाही.

माझी सून गणित-विज्ञानाची. तिच्या नेमणुकीत खोट काढायला जागा नव्हती. पद रिकामं होतं, ते भरायची परवानगी आलेली होती, पेपरात जाहिरात झाली होती, मुलाखती झाल्या होत्या. बाहेरगावचे उमेदवारही आले होते, आणि ती त्यांच्यापेक्षा सरस ठरली होती. मी चौथी शिकलेली. मला त्यातलं कळत नाही, पण मुलाखत घ्यायला पुण्याहून आलेले मास्तर तसं म्हणाले. घोळ झाला तो सगळं नीट झाल्यावर.

शाळेचे अध्यक्ष आमच्या भावकीतले. मी त्यांना भावजी म्हणायची. शाळेची जागा त्यांची. नांद्याकडचं त्यांचं रान बिल्डरला गेलं, तेव्हा त्यांनी शाळेचे पत्रे काढून स्लॅब टाकला. वरच्या वाड्यांवरची, डोंगरातली पोरं पावसात गळक्या पत्र्याखाली बसायची, ती कोरड्यात बसली. हे चांगलं काम आत्ताच सांगून टाकते, कारण पुढे त्यांच्याबद्दल बरं फारसं येणार नाही.

हा माणूस मुहूर्ताशिवाय कुठल्या कागदाला हात लावायचा नाही. शाळेची बोअर त्यांनी अक्षय्य तृतीयेला मारली. पाणी लागलं नाही. दुसरी गुढीपाडव्याला मारली, लागलं. कुणाला वाटेल, आता तरी मुहूर्तावरचा विश्वास उडेल. उलट वाढला. म्हणाले, "मागल्या टायमाला मुहूर्त चुकीचा निवडला."

सुनेची निवड झाली ती नेमकी पितरपाटात. मुख्याध्यापक ऑर्डर टाइप करून घेऊन गेले, तर यांनी पेनच उचललं नाही.

"पितरपाटात नेमणूक? पोरीचं वाटोळं करायचंय का?"

पितरपाट संपला, घट बसले. घटात म्हणाले, आता एवढे दिवस थांबलोय तर दसरा धरू, साडेतीन मुहूर्तांतला एक. दसरा शनिवारी आला होता.

"साहेब, दसऱ्याला सुट्टी असते," मुख्याध्यापक म्हणाले. "सोमवारची तारीख टाकू."

"सोमवारी काय विशेष हाय?"

"विशेष काही नाही. शाळा आहे."

"सुट्टी तुमाला. सरस्वतीला कुटली सुट्टी? पोरं पाटीपूजनाला येत्यात का न्हाई त्या दिशी?"

येतात. आमच्या शाळेत ती पद्धत जुनी आहे. दसऱ्याला सकाळी पोरं पाटी, पुस्तक, कुणी कंपासपेटी घेऊन येतात, फळ्यावर सरस्वती काढतात, पूजा होते, प्रसाद होतो, आपट्याची पानं वाटून घरी जातात. त्या वर्षीची सरस्वती माझ्या सुनेनं काढली. शिरा मी केला. पूजा झाल्यावर तिनं पोरांना पाटीवर एकेक गणितही घातलं. नवी होती, उत्साह होता. मग अध्यक्षांनी ऑर्डरवर सही केली, हिनं मस्टरवर केली, आणि दोन्हीवर तारीख पडली दसऱ्याची. अध्यक्षांनी नारळ फोडला. नारळ चांगला निघाला. त्यावरूनही ते दिवसभर खूश होते.

प्रस्ताव पुण्याला गेला. तो परत आला, त्रुटी आहेत म्हणून. एका पानावर शिक्का नव्हता. शिक्का मारून पाठवला, तर दुसऱ्या पानावरचा शिक्का पुसट होता. मधे साथ आली, ऑफिस बंद झालं. मग ऑफिस उघडलं आणि साहेब बदलले. नव्या साहेबांनी पहिल्यापासून वाचायला घेतलं. या सगळ्या काळात सून रोज शिकवत होती आणि घर माझ्या मुलाच्या पगारावर चालत होतं. तो उरवड्याला कंपनीत आहे. शिवाय मागच्या दोन खोल्या आम्ही भाड्यानं दिल्या होत्या, बिहारच्या पोरांना. ती बिचारी सुनेला गुरुजी म्हणायची आणि भाडं वेळेवर द्यायची. सरकारपेक्षा बरी.

नव्या साहेबांच्या ऑफिसात कुणीतरी कॅलेंडर उघडलं आणि तो शोध लागला: रुजू झाल्याची तारीख सार्वजनिक सुट्टीची आहे.

सुनावणी लागली. अध्यक्ष, मुख्याध्यापक, सून, आणि जीपमधे जागा होती म्हणून मी. साहेब तरुण होते, आवाज चढवत नव्हते.

"दसऱ्याला शाळा बंद असते. मग या रुजू कशा झाल्या?"

"शाळा चालू व्हती साहेब," अध्यक्ष म्हणाले.

"सार्वजनिक सुट्टीच्या दिवशी? कुणाच्या परवानगीनं?"

"सरस्वतीच्या."

साहेबांनी ते लिहून घेतलं. मुख्याध्यापक घामाघूम झाले. "तसं नाही सर, शाळा बंदच होती."

"बंद होती तर रुजू कशा झाल्या?"

"म्हणजे, पूजेपुरती उघडली होती."

"मग चालू होती."

"तासांच्या दृष्टीनं बंद होती सर."

मला राहवलं नाही. मी म्हणाले, "साहेब, पोरं समदी आली व्हती. शिरा मी केलता."

"आजी, आपण कोण?"

"हिची सासू. आन शाळेची स्वयंपाकीण."

"म्हणजे सुट्टीच्या दिवशी पोषण आहारही शिजला?"

मुख्याध्यापक खुर्चीतून उठलेच. "नाही नाही सर, तो शिरा खाजगी होता!"

साहेबांनी पेन खाली ठेवलं. म्हणाले, "हे बघा, मागच्या तारखा टाकून माणसं घुसवायचे प्रकार आमच्याकडे ढिगानं येतात. ज्या दिवशी शाळेत कुणी नसतं त्या दिवशीची सही म्हणजे मागून केलेली, असंच मी धरणार. तुम्ही माझ्या जागी असता तर काय केलं असतं?"

साहेबांचं म्हणणं गैर होतं असं मी आजही म्हणत नाही. लबाड माणसं मागची तारीख टाकतात. आमच्या माणसानं खरी तारीख टाकली आणि ती लबाडीसारखी दिसली. एवढं जमवायलाही अक्कल लागते.

परत येताना चांदणी चौकात गाडी अडकली, तेव्हा मुख्याध्यापकांनी तोंड उघडलं.

"एक उपाय आहे. सोमवारची ऑर्डर नव्यानं टाइप करू. मस्टर नवं घालू. त्या वर्षीचं सगळं पुन्हा लिहून काढू. सगळ्यांच्या सह्या मी घेतो."

"म्हंजे मुहूर्त मोडायचा?" अध्यक्ष पुढच्या सीटवरून मागे वळले. "मी जित्ता असंपतोर न्हाई."

"मॅडम, तुम्ही तरी सांगा त्यांना."

सून खिडकीशी बसली होती. म्हणाली, "सर, आज मी खरी आहे आणि बोगस दिसते आहे. तुम्ही सांगता ते केलं तर मी खरी दिसेन आणि बोगस होईन. मी नाही करणार."

"ऐकलं का!" अध्यक्षांना आनंद झाला. "तिला बी मुहूर्त मोडायचा न्हाई. वहिनी, सून लई करारी गावली तुमाला."

"तुमीच निवडली भावजी," मी म्हणाले.

ती काय म्हणाली ते त्यांना तेव्हाही कळलं नाही आणि पुढेही नाही. दोघांनी नकार दिला एकच, पण त्या दोन नकारांची आपसांत ओळख नव्हती.

त्यानंतर नाकारल्याचं पत्र आलं, आणि मस्टर ओढलं गेलं ते सुरुवातीला सांगितलंच.

तेव्हा टीव्हीवर रोज बोगस शिक्षकांच्या बातम्या होत्या. कुठं कुठं चौकशा, कुठं अटका. गावाला विषय मिळाला. गिरणीत दळण टाकायला गेले तर एक शेजारीण पिठाच्या धुरळ्यातून म्हणाली, "काकी, तुमची सून बी त्यातलीच का वो?"

"व्हय," मी म्हणाले. "बोगसच हाय. पगार बी बोगस, कुनाला दिसत न्हाई. तुज्या पोराला नववीत गनितात पास केलं, ते बी बोगसच आसंल. बघ जरा, निकाल माघारी देऊन टाक."

तिनं दळण तिथंच ठेवलं आणि नंतर नवऱ्याला न्यायला पाठवलं.

घरी माझा मुलगा म्हणाला, "सोड की. हिंजवडीला क्लासवाले गनिताचे मास्तर शोधत्यात. रोख पैसं देत्यात. कशाला डोकं फोडून घेती?"

"सोडीन," सून म्हणाली. "मी खोटी नेमलेली नाही, एवढं कुणीतरी लिहून दिलं की सोडीन. आत्ता सोडलं तर सगळे म्हणतील, पकडली म्हणून गेली. आपल्या मुलीला रोज त्याच शाळेत जायचंय."

नात तेव्हा पाचवीत होती. माझ्याच हातची खिचडी खायची आणि मीठ कमी आहे म्हणायची. मुलाला वाद जमत नाही, शिफ्ट जमते. दुसऱ्या दिवशी सुट्टी टाकून तो वकिलाकडे गेला.

हायकोर्टात अर्ज केला. वकिलानं सांगितलं, शाळेत जाणं थांबवू नका, शिकवत राहा. मुख्याध्यापकही नाही म्हणाले नाहीत, दहावी तोंडावर होती. त्यामुळे ती रोज शाळेत जायची, सगळे तास घ्यायची, पेपर तपासायची आणि सही न करता घरी यायची. सगळ्या शिक्षकांत तिची एकटीचीच गैरहजेरी, आणि तिचाच एक तास कधी बुडला नाही.

मुंबईला आम्ही किती वेळा गेलो ते मोजलं नाही. पहाटे निघायचं, घाट उतरायचा, कोर्टाच्या दारात पोलीस बाई माझी मिश्रीची डबी काढून ठेवायची. आत गार वारा सोडलेला असायचा. काळे कोट इंग्रजीत बोलायचे. मी बाकावर पदर गुंडाळून बसायची. संध्याकाळी वकील येऊन सांगायचा, "आज नंबर लागला नाही." हे सांगायला त्यानं मुंबईपर्यंत नेलं याचं मला नवल वाटायचं. हे तर इथं आमच्या पौडाला बसूनही कळलं असतं. डबी मात्र दर वेळी परत मिळाली. कोर्टाबद्दल माझी तक्रार नाही.

मधल्या काळात अध्यक्ष वारले. जेवून हात धुवायला उठले आणि मोरीशीच पडले. त्या दिवशी अमावस्या होती. विचारलं असतं तर त्यांनी ती तारीख घेतली नसती. मी मातीला गेले, रडले नाही, पण परत येताना शाळेच्या स्लॅबकडे बघितलं हे खरं.

त्यांच्या जागी त्यांचा मुलगा आला. तो प्लॉटिंग करतो, कासारसाईकडं त्याचे बोर्ड लागलेत. पंचांगाशी त्याचा संबंध नाही. घरी येऊन म्हणाला, "काकी, डेट चेंज केली तर प्रॉब्लेम सॉल्व्ह होतोय ना? मग करून टाकू. पप्पांचं उगाच काहीतरी होतं."

"डेट तू चेंज करायची न्हाईस," मी म्हणाले. "जे झालं ते कोर्टाला सांगायचं. आन त्यांनी काय सांगितलं तर ऐकायचं. तुज्या बापाला फकस्त दुसरं जमत न्हवतं."

"म्हणजे आपण काय करायचं?"

"गप बसायचं. जमंल ना?"

त्याला जमलं.

शेवटी एकदा नंबर लागला. दोन न्यायाधीश होते. जे बोलणं झालं ते वकिलानं नंतर समजावलं, पण थोडं मला चेहऱ्यांवरूनच समजत होतं. एका न्यायाधीशांनी सरकारी वकील बाईंना विचारलं, पद रिकामं नव्हतं का? होतं. शिक्षण कमी आहे का? नाही. जाहिरात झाली नाही का? झाली. मग भांडण कशाचं आहे? बाई म्हणाल्या, तारखेचं. मग त्यांनी आमच्या वकिलाला विचारलं, त्या दिवशी शाळेत काय झालं? तो म्हणाला, सरस्वतीची पूजा. दुसरे न्यायाधीश हसले. वकिलानं एका वर्गाच्या पालकांची प्रतिज्ञापत्रं दिली होती, आमची पोरं त्या दिवशी पाटी घेऊन गेली होती म्हणून. ती त्यांनी उलटून बघितली. बाईंकडे त्याच्या उलट काही नव्हतं.

मग न्यायाधीश म्हणाले, अर्जदार दसऱ्यानंतरच्या कामाच्या पहिल्या दिवसापासून नेमणूक धरायला तयार आहेत का? सरकारी बाई म्हणाल्या, तसं असेल तर आमची हरकत राहणार नाही.

वकील मागे वळला. डोळ्यांनी खूण केली, हो म्हणा, हो म्हणा. अध्यक्षांच्या पोरानं मान हलवली. आता सून काय बोलते याची मला पहिल्यांदाच भीती वाटली, कारण तिचा जबडा मला ओळखू येतो.

ती उभी राहिली. वकिलानं तिला बसवायला हात केला. ती मराठीतच म्हणाली, "सोमवार चालेल साहेब. पण दसऱ्याची माझी सही खोटी नव्हती, एवढं निकालात लिहाल का?"

वकिलानं कपाळाला हात लावला. कोर्टात असं मधेच बोलत नाहीत म्हणे. न्यायाधीशांनी तिच्याकडे बघितलं आणि मराठीतच म्हणाले, "लिहू."

लिहिलं. रुजू झाल्याची नोंद बनावट असल्याचं दिसत नाही, मान्यता सोमवारपासून द्यावी, मागच्या पगारासकट सर्व लाभ द्यावेत. माझ्या मुलानं ती ओळ मोबाईलवर तीन भाषांत करून घेतली आणि गिरणीवाल्याला पाठवली. त्याला हे कोणी सांगितलं नव्हतं. मी तर नाहीच.

ऑफिसनं लगेच मान्यता दिली असं नाही. त्यांनी निकालाची प्रत मागितली, मग खरी प्रत मागितली, मग अभिप्राय मागवला. वकिलानं अवमानाची नोटीस लिहिली तेव्हा मान्यता आली. पोस्टानं आली, साध्या पाकिटात, वर पत्ता चुकलेला. पोस्टमन गावचा म्हणून पोचली.

म्हणजे इतक्या वर्षांचं भांडण एका शनिवाराचं आणि एका रविवाराचं होतं. ते दोन दिवस सरकारला मिळाले. सरकारनं त्यांचं काय केलं ते माहीत नाही.

सुनेनं क्लासची नोकरी धरली नाही. लिहून दिलं की सोडीन म्हणाली होती, त्याची मी तिला आठवण करून दिली. ती म्हणाली, "आत्या, दहावीची भूमिती राहिलीय." मस्टर मुख्याध्यापकांनी स्वतः तिच्यापुढे सरकवलं आणि पेनही दिलं. तिनं त्यांचं पेन घेतलं नाही, स्वतःचं काढलं.

ते मुख्याध्यापक आता निवृत्त झाले. सुनावणी घेणारे साहेब बदलून गेले. अध्यक्ष नाहीत. सून शिकवते आहे, मुलगा उरवड्याला कामाला जातो, नात आठवीत आहे, आणि मी आहे.